विझलेल्या ज्वालामुखीवरचं गाव : एडिनबरात आत्यासोबत चार दिवस

माझ्या आत्याने साताऱ्यात 33 वर्षं भूगोल शिकवला. निवृत्त होऊन आठ वर्षं झाली, तरी तिच्या पर्समध्ये अजून एक दगड असतो. लिंबाएवढा, काळाभोर, अंगभर पांढरे ठिपके असलेला. अजिंक्यताऱ्याच्या वाटेवर कधीतरी उचललेला हा बेसाल्ट तिने प्रत्येक वर्गात फिरवलाय आणि प्रत्येक वर्गाला विचारलंय, "हा काळा का? हे ठिपके कसले?" उत्तर बरोबर आलं तरी तिचा पुढचा प्रश्न ठरलेला असायचा : "कशावरून?"

या जूनमध्ये ती लीड्सला माझ्याकडे आली. बॅगेत मेतकूट, भाजणी, कंदी पेढे आणि पर्समध्ये तो दगड. विमानतळावरच म्हणाली, "लंडन नंतर बघू गं. आधी मला एडिनबरा दाखव. ज्वालामुखीवर वसलेलं गाव मला पायाने चालून बघायचंय." मी त्या गावात आधी दोनदा जाऊन आले होते. किल्ला, बॅगपाइप, शॉर्टब्रेड, सगळं करून झालं होतं. पण आत्याबरोबर पाहिलं तेव्हा ते गाव मला पहिल्यांदा कळलं.

पहिला दिवस : मूठ आणि मनगट

लीड्सहून रेल्वेने साधारण तीन तास लागतात. जाताना उजव्या हाताची खिडकी धरायची, हे आधीच सांगून ठेवते. न्यूकॅसल मागे पडलं की थोड्या वेळाने समुद्र दिसायला लागतो आणि बेरिकला गाडी ट्वीड नदीवरच्या 28 कमानींच्या दगडी पुलावरून जाते. हा पूल 1850 चा. तिथून पुढे थोड्याच मिनिटांत स्कॉटलंड सुरू होतं, आणि कडेला खाली लाटा फुटताना दिसतात. आत्याने अख्ख्या वाटेत चहाचा कप खाली ठेवला नाही आणि त्यातला चहाही प्यायली नाही.

वेव्हर्ली स्टेशन एका दरीच्या तळाशी आहे. सर वॉल्टर स्कॉटच्या कादंबऱ्यांवरून स्टेशनाचं नाव पडलंय. बाहेर यायचं तर चढूनच यावं लागतं, आणि वर आलं की डावीकडे एकदम तो किल्ला! काळ्या कड्यावर, आभाळाला टेकलेला. आत्या पुलावर थांबली ती दहा मिनिटं हललीच नाही. मग तिने उजव्या हाताची मूठ वळली आणि हात माझ्यापुढे आडवा धरला.

"ही मूठ म्हणजे किल्ल्याचा खडक. साधारण 35 कोटी वर्षांपूर्वी इथे ज्वालामुखी होता, त्याच्या नळीत थिजलेला लाव्हा. बाहेरचा डोंगर झिजून गेला, हे बूच तेवढं राहिलं. मग हिमयुगात पश्चिमेकडून बर्फ सरकत आला. कठीण मुठीवर आपटला, दोन्ही बाजूंनी वाहिला, दोन्हीकडे दऱ्या खणल्या. मुठीच्या आडोशाला, इथे मनगटापासून कोपरापर्यंत, मऊ खडकाची सोंड शिल्लक राहिली. त्या सोंडेवर यांनी गाव बांधलं."

हे एवढं समजलं की एडिनबरात माणूस हरवत नाही. मूठ म्हणजे किल्ला, कोपर म्हणजे हॉलिरूडचा राजवाडा, मधली सोंड म्हणजे रॉयल माइल. उत्तरेच्या दरीत पूर्वी नॉर लॉक नावाचं तळं होतं, गावची सगळी घाण त्यात जायची. अठराव्या शतकात ते आटवायला घेतलं आणि आज तिथे प्रिन्सेस स्ट्रीटची बाग आहे. दक्षिणेच्या दरीत ग्रासमार्केट आणि काउगेट.

स्टेशनाच्या डोक्यावर बालमोरल हॉटेलचं मोठं घड्याळ आहे. ते तीन मिनिटं पुढे असतं आणि हे मुद्दाम केलेलं आहे, 1902 पासून. गाडी पकडणाऱ्यांची पावलं जरा भरभर पडावीत म्हणून! वर्षाअखेरच्या रात्री मात्र ते बरोबर लावतात. गावावर माया असल्याशिवाय अशी सोय सुचत नाही.

आमची खोली एका जुन्या दगडी इमारतीत तिसऱ्या मजल्यावर होती. लिफ्ट नाही. गोल जिना, आणि पायऱ्या मध्यभागी वाटीसारख्या झिजलेल्या. इथे राहायची जागा घेताना मजला आणि लिफ्ट हे दोन प्रश्न आधी विचारून घ्या, विशेषतः बरोबर गुडघेदुखीवालं कुणी असेल तर.

दुपारी स्कॉटचं स्मारक पाहिलं. 61 मीटर उंच, टोकदार, धुरकटून काळं पडलेलं. खाली पांढऱ्या संगमरवरात स्कॉट बसलाय, शेजारी त्याचा कुत्रा मैदा. आराखडा जॉर्ज मीकल केंप या सुताराच्या हातून शिकलेल्या माणसाचा. 1844 मध्ये काम पूर्ण होत आलं असताना तो रात्री घरी जाताना कालव्यात बुडून गेला. 287 पायऱ्या मी चढले, आत्या खाली बाकावर बसली. वरचा जिना इतका अरुंद आहे की उतरणारा माणूस समोर आला तर एकाने मागे जावंच लागतं. पाठपिशवी खाली ठेवून जा.

पहिली संध्याकाळ मात्र कॅल्टन हिलसाठी राखून ठेवा. स्टेशनापासून दहा-पंधरा मिनिटांची चढण, आणि वरून सगळं गाव नकाशासारखं समोर. जूनमध्ये सूर्य रात्री दहाला मावळतो. टेकडीवर ग्रीक देवळासारखे 12 खांब उभे आहेत. नेपोलियनच्या युद्धांत पडलेल्यांसाठी 1826 मध्ये हे स्मारक बांधायला घेतलं, 1829 मध्ये पैसे संपले, आणि खांब तसेच राहिले. त्याला गावची लाज म्हणायची पद्धत आहे. मला ते तसं मुळीच वाटत नाही. खांबांच्या मधून उन्हाचा शेवटचा पट्टा गवतावर येतो आणि कॉलेजची मुलं त्या चौथऱ्यावर एकमेकांना हात देऊन वर ओढून घेतात. पूर्ण झालेल्या इमारतीत इतका जीव नसता.

दुसरा दिवस : किल्ला

किल्ल्याची तिकिटं आधीच ऑनलाइन काढा आणि सकाळची पहिली वेळ घ्या. अकरानंतर दरवाज्यावर जत्रा असते.

आपण गड चढलेली माणसं. त्यामुळे इथे शिरताना पायांना ओळख पटते : वळणारी वाट, दरवाजा, पुन्हा वळण, वर बालेकिल्ला. आत्या तटाला हात लावत चालत होती. एका ठिकाणी तट संपून खालचा नैसर्गिक खडक सुरू होतो. तिथे तिने पर्स उघडली, साताऱ्याचा दगड काढला आणि त्या खडकाला टेकवला. दोन्ही काळे, दोन्ही लाव्ह्याचे. इथला मात्र एकजीव, ठिपके नसलेला. "आपला लाव्हा जमिनीवर पसरला, त्यात वाफेचे बुडबुडे अडकले, पुढे ते पांढऱ्या खनिजाने भरले. हा आत नळीतच निवाला." मग हळूच म्हणाली, "आपला सहा-साडेसहा कोटी वर्षांचा. याच्यापुढे लहान पोर आहे गं." आणि दगड रुमालात गुंडाळून परत ठेवला.

सगळ्यात वर सेंट मार्गारेट चॅपल आहे. साधारण 1130 चं, गावातली सगळ्यात जुनी उभी वास्तू. डेव्हिड पहिला या राजाने आईच्या आठवणीसाठी बांधलेलं. आपल्या एखाद्या गडावरच्या छोट्या देवळाएवढं. मधे काही शतकं तिथे दारूगोळा ठेवत, हे चॅपल आहे हेच लोक विसरले होते. एकोणिसाव्या शतकात ते पुन्हा ओळखलं गेलं. आत ताजी फुलं होती. ती ठेवण्याचं काम स्कॉटलंडभरच्या मार्गारेट नावाच्या बायका आळीपाळीने करतात! 1942 पासून त्यांचं मंडळच आहे. आत्याला हे इतकं आवडलं की तिने तिथल्या बाईंना दोनदा विचारून खात्री करून घेतली. बाहेर येऊन म्हणाली, "आपल्याकडे मंगळाईच्या देवळात सगळ्या मंगलांनी हे करायला हरकत नाही."

चॅपलशेजारी मॉन्स मेग ही अवाढव्य तोफ. 1449 मध्ये आजच्या बेल्जियमच्या भागात ओतली... नाही, ओतलेली नाही, लोखंडी पट्ट्या जोडून वर कडी ठोकून केलेली, पिंपासारखी. वजन सहा टनांच्या आसपास, आणि दीडशे किलोचा दगडी गोळा फेकायची. 1558 मध्ये स्कॉटलंडच्या मेरी राणीच्या लग्नानिमित्त उडवली तेव्हा गोळा तीन किलोमीटरवर जाऊन पडला. 1681 मध्ये सलामी देताना तिची नळी फुटली. फुटकी जागा आजही दिसते. जंजिऱ्याची कलालबांगडी पाहिलेल्या माणसाने हिच्यापुढे थोडा वेळ उभं राहावं.

उत्तरेच्या तटावरून खाली पाहिलं की कडा सरळ तुटलेला. 1314 च्या मार्च महिन्यात किल्ला इंग्रजांच्या ताब्यात होता. स्कॉटलंडचा राजा रॉबर्ट द ब्रूस याचा भाचा थॉमस रँडॉल्फ तीसेक माणसं घेऊन एका रात्री हा कडा चढला. वाट दाखवणारा विल्यम फ्रान्सिस. तरुणपणी तो किल्ल्यात राहायचा आणि गावातल्या एका मुलीला भेटायला याच कड्यावरून चोरून उतरायचा, असं सांगतात. तटाशी शिडी लावून माणसं आत उतरली आणि किल्ला घेतला.

पुढचं मी काही बोलायच्या आत आत्याने सुरू केलं. कोंढाणा, 1670, रात्रीचा कडा. मग कोंडाजी फर्जंद, 60 मावळे, पन्हाळा, 1673. तिचा आवाज वर्गातला झाला होता. शेजारी उभं एक स्कॉटिश जोडपं भाषा न कळता ऐकत होतं, त्यांना मी इंग्रजीत सांगितलं. त्या गृहस्थांनी विचारलं, "मग किल्ला घेतल्यावर तुम्ही काय केलंत?" आत्या म्हणाली, "राखला." ब्रूसने मात्र घेतलेला किल्ला पाडून टाकला, पुन्हा शत्रूला उपयोगी पडू नये म्हणून. चॅपल तेवढं ठेवलं.

राजमुकुटाच्या दालनात रांग असते, पण थांबा. मुकुट, राजदंड आणि तलवार. 1707 मध्ये स्कॉटलंड आणि इंग्लंड यांची पार्लमेंटं एक झाली, तेव्हा हे सगळं एका पेटीत घालून खोलीला कुलूप लावलं. ते आहे की नाही याचीच पुढे लोकांना शंका यायला लागली. शेवटी वॉल्टर स्कॉटने परवानगी मिळवली आणि 4 फेब्रुवारी 1818 ला पेटी उघडली. सगळं जसंच्या तसं आत होतं. तारीख वाचून आत्या थबकली. 4 फेब्रुवारी ही तानाजीची तारीख. आणि 1818 च्या त्याच फेब्रुवारीत, आठवड्याभराने, साताऱ्याचा किल्ला इंग्रजांच्या हाती गेला. तिथून जाहीरनामा काढला तो माउंटस्टुअर्ट एल्फिन्स्टनने. या एल्फिन्स्टनचे वडील एडिनबराच्या किल्ल्याचे अधिकारी होते, त्याचं बालपण याच तटांवर गेलं आणि शाळा याच गावात झाली. पुढे तो मुंबईचा गव्हर्नर झाला. अजिंक्यताऱ्याच्या पायथ्याशी वाढलेली आत्या त्या मुलाच्या खेळायच्या जागेत उभी होती. ती बराच वेळ काही बोलली नाही.

एक सूचना : राज्याभिषेकाचा प्रसिद्ध दगड, स्टोन ऑफ डेस्टिनी, शोधत बसू नका. तो 2024 मध्ये पर्थच्या संग्रहालयात गेला.

एक वाजायच्या वीस मिनिटं आधी तोफेजवळ जागा धरा. रविवार सोडून बाकी दिवस बरोबर एकला तोफ उडते, 1861 पासून. त्याआधी कॅल्टन हिलवरच्या नेल्सन स्मारकावर एक मोठा चेंडू एक वाजता खाली पडायचा. तो पाहून लीथ बंदरातली जहाजं आपली घड्याळं लावायची. पण इथे समुद्रावरून धुकं येतं, त्याला हार म्हणतात. हार आलं की चेंडू दिसेना, म्हणून तोफ. आवाजाला पोचायला वेळ लागतो, हेही त्यांनी हिशेबात धरलं : गावात कुठे किती सेकंदांनी आवाज येणार ते वर्तुळांनी दाखवणारा नकाशा त्याच वर्षी काढला. हे ऐकून आत्या टाळ्या वाजवायच्या बेतात होती, तेवढ्यात तोफ उडाली. बाराच्या ऐवजी एक का, तर अकरा गोळ्यांचा खर्च वाचतो, असं इथे हसत सांगतात.

दुपारनंतर रॉयल माइल उतरायला लागलो. किल्ल्याच्या तोंडाशीच आउटलुक टॉवर आहे. वरच्या काळोख्या खोलीत आरसा आणि भिंगांतून बाहेरचं चालतं-बोलतं गाव एका पांढऱ्या वाटोळ्या टेबलावर उमटतं. दाखवणाऱ्या मुलीने कागद आडवा धरला आणि रस्त्यावरचा एक माणूस कागदावर उचलून घेतला! हा मनोरा 1892 मध्ये पॅट्रिक गेडिस यांनी घेतला. आधी आपलं गाव उंचावरून नीट पाहावं, मग सुधारावं, असं त्यांचं म्हणणं. पडक्या वाड्यांत ते स्वतः राहायला गेले, घरं दुरुस्त केली, कोंदट बोळांत बागा लावल्या. आणि 1919 ते 1924 हेच गेडिस मुंबई विद्यापीठात समाजशास्त्राचे पहिले प्राध्यापक होते. गोविंद सदाशिव घुर्ये यांना परदेशी शिकायला पाठवण्यामागे त्यांचाच शब्द होता. मुंबई-पुण्याच्या माणसाने हा मनोरा चुकवू नये.

रॉयल माइलवर लोकरीची दुकानं फार आहेत. ती पटकन मागे टाका आणि दोन्ही बाजूंच्या बोळांत शिरा. बोळाला इथे क्लोज म्हणतात. सोंड अरुंद, तटाबाहेर जायची सोय नाही, मग घरं वर वाढत गेली, दहा-दहा मजले. सांडपाणी खिडकीतून खाली, "गार्डीलू!" अशी हाळी देऊन. मेरी किंग्ज क्लोजवर तर अठराव्या शतकात मोठी इमारत उभी राहिली आणि खालचा बोळ घरांसकट तळघरात गेला. आज आत नेऊन दाखवतात. छत ठेंगणं, थंडगार.

सेंट जाइल्सच्या मोठ्या चर्चमध्ये थिसल चॅपल पाहा. लाकडी कोरीवकामात बॅगपाइप वाजवणारा देवदूत आहे, तो शोधून काढायचा. आत्याला तो माझ्याआधी सापडला.

रात्री जेवायला हॅगिस. मेंढीचं काळीज, फुप्फुस, यकृत, ओट्स, कांदा आणि भरपूर मिरी. आपल्याकडे वजडी आवडीने खाणाऱ्यांना हे जड जाणार नाही. आत्या शाकाहारी, तिच्यासाठी शाकाहारी हॅगिस मागवलं. 1984 मध्ये ते याच गावात सुरू झालं. मसूर, ओट्स, बिया, मिरी, शेजारी सलगम आणि बटाट्याचा लगदा. पहिल्या घासाला ती थांबली, दुसऱ्याला म्हणाली, "थोडं लिंबू पिळलं की झालं." वेटरने लिंबू आणून दिलं. नंतर टॅब्लेट नावाची वडी. साखर, लोणी आणि आटवलेलं दूध, खमंग होईपर्यंत घोटलेली, दाणेदार. जिभेवर ठेवताच आम्ही दोघींनी एकमेकींकडे पाहिलं : कंदी पेढा!

तिसरा दिवस : ज्वालामुखीच्या माथ्यावर

आर्थर्स सीट हा गावातलाच डोंगर, 251 मीटर. सगळेजण हॉलिरूडकडून चढतात. बरोबर वयस्कर माणूस असेल तर टॅक्सीने डनसॅपी तळ्याच्या बाजूला जा. तिथून चढ निम्माच उरतो आणि बहुतेक गवतातून आहे. आत्याला पाऊण तास लागला. शेवटचा टप्पा उघड्या खडकाचा. लाखो पावलांनी तो इतका गुळगुळीत झालाय की कोरड्या दिवशीही पाय घसरतो, म्हणून तिथे बसून सरकत जायलाही हरकत नाही. छत्री आणू नका, वारा ती ठेवत नाही. टोपीचं जॅकेट हवं.

वर पोचलो तेव्हा पूर्वेला समुद्र स्वच्छ होता. बास रॉक पांढराशुभ्र दिसत होता, समुद्रपक्ष्यांनी भरलेला. बघता बघता लीथकडून हार आलं आणि पाच मिनिटांत किल्ला, मनोरे, सगळं गायब. पाचगणीच्या टेबललँडवर जुलैमध्ये असंच होतं. आत्या धुक्यात खडकावर बसून कंदी पेढा खात होती आणि शेजारच्या दोन स्पॅनिश मुलींना देत होती. पंधरा मिनिटांनी खालून किल्ला एकटाच वर आला, बाकी सगळा कापूस.

उतरताना सॅलिस्बरी क्रॅग्जचा लालसर काळा कडा दिसतो. आत्या इथे येण्याचं खरं कारण हा कडा. जेम्स हटन नावाचा एडिनबराचा माणूस, 1726 चा जन्म, शिकला डॉक्टरकी, केली शेती, आणि आयुष्यभर दगड पाहत फिरला. त्या काळी बरेच विद्वान म्हणायचे की सगळे खडक पाण्यात साचूनच झाले. हटनने इथे पाहिलं की काळा खडक खालच्या थरांमध्ये घुसलाय, थर वाकवलेत, एका ठिकाणी तर तुकडा उचकटलाय. साचलेला गाळ असं करू शकत नाही. हे वितळलेलं दगडाचं पाणी होतं, खालून दाबाने आलेलं. मग थर त्याच्याही आधीचे. आणि थर व्हायला त्याआधीचे डोंगर झिजले असले पाहिजेत. असं मागे मागे जात त्याने 1785 मध्ये मांडलं की पृथ्वीचं वय माणसाच्या मोजमापात मावणारं नाही. काही हजार वर्षांच्या हिशेबात जगणाऱ्या लोकांना हे सांगणं किती अवघड गेलं असेल! कड्याच्या पायथ्याची वाट 2018 मध्ये दरड कोसळल्यावर बंद केली होती, म्हणून जाण्यापूर्वी चौकशी करा. आम्ही खालच्या रस्त्यावरून पाहिलं. आत्याने दुर्बीण आणली होती.

हॉलिरूडचा राजवाडा बाहेरून देखणा. आत मेरी राणीच्या छोट्या जेवणघरात 9 मार्च 1566 ला तिच्या डोळ्यांदेखत तिच्या चिटणीसाला, डेव्हिड रिझिओला ओढून नेलं आणि 56 वार केले. राणी तेव्हा गरोदर होती. खोली इतकी लहान आहे की तिथे उभं राहिल्यावर पोटात कालवतं. मला बाहेरचं पडकं मठ-मंदिर जास्त आवडलं, 1128 मध्ये स्थापलेलं. छप्पर नाही, कमानींतून आभाळ.

दुपारी पाऊस आला. अशा दिवसाला इथे 'ड्रीख' हा शब्द आहे. पावसात राष्ट्रीय संग्रहालयात जावं. तिकीट नाही. काचेत डॉली मेंढी उभी आहे, 1996 मध्ये गावाजवळच जन्मलेली, पूर्ण वाढलेल्या प्राण्याच्या पेशीपासून हुबेहूब प्रत (क्लोन) म्हणून केलेला पहिला सस्तन प्राणी. लुइस बेटावर सापडलेल्या बाराव्या शतकातल्या बुद्धिबळाच्या सोंगट्यांपैकी 11 इथे आहेत, वॉलरसच्या दातातून कोरलेल्या. राणी गालावर हात ठेवून बसलीय. "दहावीच्या निकालाच्या आदल्या दिवशी मुलींच्या आया अशा बसतात," आत्या म्हणाली, आणि त्या राणीसमोरून तिला हलवायला मला वेळ लागला.

जवळच ग्रेफ्रायर्सचं कब्रस्तान. मालकाच्या थडग्यापाशी 14 वर्षं राहिलेल्या बॉबी कुत्र्याचा पुतळा दाराबाहेर आहे. लोक त्याचं नाक घासतात, तुम्ही घासू नका, पुतळा झिजतोय. आत काही थडग्यांवर लोखंडी पिंजरे आहेत. वैद्यकीच्या विद्यार्थ्यांना फाडायला प्रेतं लागायची, ती चोरीला जाऊ नयेत म्हणून. हटनही इथेच पुरलाय, पण तो भाग कुलूपबंद असतो, वाटाड्याबरोबरच जाता येतं. आत्याने गजांतून आत पाहिलं, चप्पल काढली आणि नमस्कार केला.

चौथा दिवस : लाल पूल, नवं गाव आणि एक छोटी बाग

सकाळी वेव्हर्लीहून नॉर्थ क्वीन्सफेरीला गेलो, वीस मिनिटं. त्यासाठी गाडी फोर्थ पुलावरून जाते आणि मुद्दा तोच आहे. अडीच किलोमीटर, लाल पोलाद, 1890 चा. आधी 1879 मध्ये टे नदीवरचा पूल वादळात गाडीसकट कोसळला होता, म्हणून हा पूल इतका भक्कम केला. बांधताना सत्तरहून अधिक माणसं गेली. तो कसा तोलला जातो हे लोकांना पटवायला इंजिनिअर बेंजामिन बेकरने खुर्च्यांवर दोन माणसं बसवली, त्यांच्या हातांत काठ्या दिल्या आणि मधे काईची वातानाबे या जपानी इंजिनिअरला अधांतरी बसवलं. पलीकडे उतरून खालच्या धक्क्यावर जा. तिथून डोक्यावरून गाडी जाते तेव्हा पूल गुणगुणल्यासारखा वाजतो.

परत येऊन नवं गाव पाहिलं. 1767 मध्ये जेम्स क्रेग या तरुणाचा आराखडा मंजूर झाला : सरळ रस्ते, चौक, बागा. पाया खणताना निघालेली माती नॉर लॉकच्या तळ्यात टाकली, साधारण 15 लाख गाड्या, त्याचा झाला माउंड, जुन्या आणि नव्या गावाला जोडणारा बांध. शार्लट चौकातलं जॉर्जियन घर आतून पाहण्यासारखं आहे. डीन व्हिलेजला अर्धा तास द्या. ओढ्याकाठी जुन्या पाणचक्क्यांची वस्ती, पाण्याचा आवाज, फोटो काढणारे फार.

संध्याकाळी गाडीला दोन तास होते. आत्या म्हणाली, "हटनच्या घरी जाऊ." त्याचं घर आज नाही. प्लेझन्स रस्त्याच्या मागे, इमारतींच्या आडोशाला, त्या जागी एक लहानशी बाग आहे. सॅलिस्बरीचा कडा तिथून समोर दिसतो. फलक आहे, काही मोठाले दगड मांडलेत, बाकी कुणी नाही. काही दगडांत गोल गोटे एकमेकांना चिकटलेले. काही करड्या दगडांत फिकट गुलाबी शिरा, बोटाएवढ्या जाड, आडव्यातिडव्या शिरलेल्या.

आत्याने पर्समधून आपला काळा दगड काढला, त्या करड्या दगडावर ठेवला आणि फोटो काढून शाळेच्या ग्रुपवर टाकला. मग माझ्याकडे वळली.

"सांग, यातलं आधीचं कोण? करडा की गुलाबी?"

"करडा."

"कशावरून?"

मी शिरेवर बोट ठेवलं. ती करड्या थरांना कापत गेली होती, आणि एका ठिकाणी करड्याचा नखाएवढा तुकडा तिच्या आत अडकून राहिला होता. तो तुकडा मी तिला दाखवला. आत्याने चष्मा वर केला, वाकून पाहिलं, आणि माझ्या बोटाच्या जागी स्वतःचं बोट ठेवलं.